बिस्किटांच्या डब्यातली पाल

वर्कशॉपमध्ये त्या दिवशी एकही बंद मशीन नव्हतं, आणि तीच सगळी पंचाईत होऊन बसली.

आता दुरुस्तीचं वर्कशॉप म्हटल्यावर तिथे काहीतरी मोडकं असायलाच हवं ना! पण नव्हतं. टेबलावर पांढरीशुभ्र चादर, भिंतीला लागून नऊ मशीन्स, नऊच्या नऊ चालू, सगळ्यांचे हिरवे दिवे लागलेले. समोर खुर्च्या, खुर्च्यांवर पाहुणे. आणि मधोमध स्क्रूमावशी, कडक इस्त्रीचा अ‍ॅप्रन घालून, हात मागे बांधून उभी.

"मग इथे काम काय चालतं?" जिल्ह्याच्या आरोग्य अधिकाऱ्यांनी विचारलं.

"सगळं चालू आहे साहेब," मावशी ऐटीत म्हणाली.

"तेच म्हणतोय मी. सगळंच चालू असेल तर वर्कशॉप हवंय कशाला?"

मावशीने मागे बांधलेले हात सोडले. कारण हाच माणूस ठरवणार होता. तीन वर्षं हे वर्कशॉप परदेशातून येणाऱ्या मदतीवर चालत होतं, एका संस्थेमार्फत. तीन वर्षांनी मदत थांबणार हे पहिल्या दिवसापासून ठरलेलं, त्यात कुणाची फसवणूक नव्हती. पुढे काय, एवढाच प्रश्न होता. आरोग्य खात्याने ते आपल्याकडे घेतलं तर ते चालू राहणार, नाहीतर दाराला कुलूप. आणि कुलूप लागलं की स्क्रूमावशी परत तिथेच, जिथून आली होती तिथे. रुग्णालयाच्या धुलाईत.

धुलाई म्हणजे तळघरातली लांबलचक खोली, वाफ, ब्लीचचा वास आणि डोंगराएवढ्या चादरी. मावशीने तिथे अकरा वर्षं काढली. घरी गेली की लेक नाक दाबून म्हणायची, "आई, आधी अंघोळ!" आणि सासू म्हणायची, "अगं राहू दे, निदान जंतू तरी मरतात घरातले." सासूचं असंच. कौतुक आहे की टोमणा आहे, ते दुसऱ्या दिवशी कळायचं.

धुलाईत दोन मोठी वॉशिंग मशीन्स होती, मावशीच्या वयाची. ती बंद पडली की मेकॅनिक यायला आठवडा लागायचा आणि तोवर चादरी हाताने धुवायच्या. मावशीला याचा इतका संताप यायचा की एक दिवस तिने घरून लेकीच्या सायकलचा पाना आणला आणि मागची पत्र्याची झाकणं काढून सरळ आत डोकं घातलं. बाकीच्या बायका किंचाळल्या. मावशी आतूनच ओरडली, "ओरडू नका गं, काही चावत नाही! पट्टा निसटलाय नुसता!" तिने तो बसवला, मशीन सुरू झालं, आणि तिचं नाव पडलं स्क्रूमावशी. कुणी म्हणायचं हातात स्क्रू असतो म्हणून, कुणी म्हणायचं डोक्यातला ढिला आहे म्हणून. मावशीला दोन्ही चालायचं.

धुलाईच्या शेजारी एक कोठी होती. कायम कुलूप. एकदा जादा चादरी ठेवायला तिची चावी मिळाली आणि मावशीने दार उघडलं तर आत मशीनच मशीन! ऑक्सिजनची, छातीतला कफ ओढून काढायची, बाळांना ऊब द्यायची. सगळ्यांवर धूळ आणि सगळ्यांवर परदेशी अक्षरांचे रंगीत स्टिकर. कुठल्या कुठल्या देशांतून भेट आलेली. आली, फोटो निघाले, काही महिने चालली, एकेक करून बंद पडली, आणि दुरुस्त करणारं कुणी नाही म्हणून इथे येऊन बसली. त्यांचं माहितीपत्रकसुद्धा परक्या भाषेत. मावशीला इतकं वाईट वाटलं! कुणीतरी एवढ्या लांबून, एवढ्या प्रेमाने पाठवलंय, आणि आपण त्याच्यावर चादरी ठेवतोय.

आणि मग तिच्या धाकट्या बहिणीची मुलगी जन्मली. दिवस भरायच्या आधीच, मुठीएवढी. तिला ऊब द्यायला वॉर्मर हवा होता आणि रुग्णालयातला एकुलता एक चालू वॉर्मर दुसऱ्या बाळाकडे होता. पोरीला अ‍ॅम्ब्युलन्समधून मोठ्या शहरात नेलं, चार तासांचा रस्ता. बहीण तिला पोटाशी धरून बसली आणि मावशी दोघींना धरून. पोर वाचली. आज सात वर्षांची आहे आणि तोंडाला कुलूप नाही. पण दीड महिना ते कुटुंब त्या शहरात अडकलं, मेहुण्याची नोकरी गेली, बहिणीचं शिवणकाम बंद पडलं, आणि पुन्हा उभं राहायला दोन वर्षं लागली. मावशी परत आल्यावर कोठीत गेली आणि तिथल्या वॉर्मरसमोर जाऊन उभी राहिली. हा इथे होता. भिंतीच्या पलीकडे होता! फक्त बंद होता.

संस्था आली ती त्यानंतर चार वर्षांनी. आल्या आल्या त्यांनी एक शहाणपणाची गोष्ट केली. नवीन मशीन आणलंच नाही. आणला एक माणूस. सत्तरी गाठलेला, उंच, गुडघे कुरकुरणारा, आयुष्यभर रुग्णालयाची मशीन्स दुरुस्त करून निवृत्त झालेला परदेशी म्हातारा. फुकट काम करायला आला होता, नुसत्या राहण्याखाण्यावर. सगळे त्याला आजोबा म्हणायला लागले. त्याने भाषा शिकली पण आपल्या पद्धतीने. स्वतःबद्दल बोलताना "मी आली, मी जेवली" असं म्हणायचा आणि बायका तोंडाला हात लावून हसायच्या. तोही हसायचा.

आजोबांना दोन माणसं हवी होती शिकवायला. एक मिळाला रुग्णालयाचा वायरमन, ज्याला सगळे वायरमनदादा म्हणतात. दुसरा कुणीतरी शिकलेला मुलगा मिळेल असं संस्थेच्या सरांना वाटत होतं. पण आजोबा पहिल्याच दिवशी तळघरात उतरले, त्यांना ती म्हातारी वॉशिंग मशीन्स धडधडत चालताना दिसली, आणि त्यांनी विचारलं, "हे कोण जिवंत ठेवली?"

सगळ्या बायकांनी एकदम मावशीकडे बोट दाखवलं. मावशीला वाटलं आता ओरडा बसणार.

"तू ये," आजोबा म्हणाले.

"मी? अहो आजोबा, मी आठवी नापास आहे."

"मशीनला माहीत नाही," आजोबा म्हणाले.

झालं! त्या एका वाक्यावर मावशीचं आयुष्य पालटलं. घरी येऊन तिने सांगितलं तेव्हा सासू म्हणाली, "चाळिशी उलटल्यावर शाळा? आता पाटी-पेन्सिलही घ्या." नवरा बेकरीत भट्टीवर असतो, कमी बोलतो. तो म्हणाला, "जा. माझ्या भट्टीचा आवाज बदलला तरी तुला बाहेरून कळतं. जा तू."

आणि आजोबांची शिकवण नेमकी तीच निघाली. आधी कान, मग हात. मशीन समोर आलं की स्क्रूड्रायव्हर उचलायचा नाही. ते चालू होत असेल तर चालू करायचं, डोळे मिटायचे आणि ऐकायचं. घरघर आहे की शिट्टी आहे की काहीच नाही? मग वास घ्यायचा. मग तळवा ठेवून बघायचं कुठे तापलंय. वायरमनदादाला हे अजिबात जमायचं नाही, तो डोळे मिटले की पेंगायचा. मावशी मात्र महिन्याभरात दारातूनच सांगायला लागली, "जाळी चोंदलीय", "ह्याच्या पंख्यात काहीतरी अडकलंय".

आजोबांचा दुसरा नियम होता, मेलेला भाग फेकायचा नाही. "तो मास्तर आहे," ते म्हणायचे. "का मेली, तो सांगते." म्हणून मावशीने घरून बिस्किटांचा मोठा पत्र्याचा डबा आणला आणि जळके, तुटके, गंजलेले भाग त्यात टाकायला लागली. पण नुसते टाकून तिला चैन पडेना. धुलाईत प्रत्येक चादरीला कापडाची एक पट्टी शिवलेली असते, न पुसणाऱ्या शाईने वॉर्डाचा नंबर लिहिलेली, म्हणजे चादर हरवत नाही. अकरा वर्षांची सवय ती! तिने तशाच पट्ट्या कापल्या आणि प्रत्येक मेलेल्या भागाला दोऱ्याने एक पट्टी बांधली. कुठला दवाखाना, कुठलं मशीन, काय झालं होतं, कधी चालू झालं. आजोबांनी ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते नुसती पट्टी उलटसुलट करून बघत राहिले. मग म्हणाले, "हे मी तुला नाही शिकवली."

"नाही. हे धुलाईने शिकवलं."

कोठीतलं पहिलं मशीन त्यांनी उघडलं ते मावशीच्या हट्टाने. तोच वॉर्मर. आजोबांनी तिलाच उघडायला लावलं. आत एक फ्यूज उडालेला होता. बास, एवढंच. वाटाण्याएवढी काचेची नळी आणि आत काळं पडलेलं केसासारखं तारेचं टोक. मावशीने तो तळहातावर घेतला आणि जी रडायला लागली ती थांबेचना. वायरमनदादा घाबरला, "काय झालं, शॉक बसला का?" आजोबांनी तिच्यासमोर स्टूल सरकवलं आणि ती थांबेपर्यंत शेजारी बसून राहिले. मग त्यांनी वॉर्मरवरचा स्टिकर वाचून दाखवला. एका शाळेने पाठवला होता. पोरांनी घरी केक करून, शाळेच्या मैदानात टेबलं मांडून विकले होते, आणि त्यातून हे मशीन आलं होतं.

त्या संध्याकाळी मावशीने नवऱ्याला सांगितलं तर तो कधी नव्हे तो मोठ्याने बोलला. "केक विकून? म्हणजे आपल्याच धंद्यातले की गं ते!" आणि त्याला इतका आनंद झाला की त्याने आपल्या आईलाही दोनदा सांगितलं. तेव्हापासून मावशी प्रत्येक मशीनचा स्टिकर ओल्या फडक्याने पुसायची, कडा उखडल्या असतील तर चिकटवायची. वाचता येत नसला तरी. त्या पलीकडे कुणीतरी आहे, हे तिला माहीत होतं.

आणि याच मायेने घोटाळा केला.

शेवटच्या भेटीला पाहुणे येणार असं कळलं. मदत पाठवणाऱ्या मंडळींतल्या एक बाई आणि जिल्ह्याचे अधिकारी. आजोबा बाईंना आणायला मोठ्या शहरात गेले, तिथे त्यांच्या बैठका होत्या, त्यामुळे दोन आठवडे इथे कुणीच नाही. संस्थेचे सर म्हणाले, "मावशी, जरा आवरून ठेवा."

सरांना म्हणायचं होतं झाडून घ्या. पण मावशीच्या डोक्यात वेगळंच. आपल्या घरात कसं असतं? काकूने दिलेली फुलदाणी वर्षभर माळ्यावर असते, आणि काकू येणार म्हटलं की खाली येते, पुसली जाते, बरोबर काकूच्या नजरेसमोर ठेवली जाते. दिलेली वस्तू देणाऱ्याला मोडकी दाखवायची? शी! केवढा अपमान! त्यांना काय वाटेल, आम्ही एवढं दिलं आणि ह्यांनी त्याची ही दशा केली?

मग काय, दोघं झपाटल्यासारखी कामाला लागली. बाकी होती चौदा मशीन्स. मावशी सकाळी सातला यायची. वायरमनदादा म्हणाला, "मावशी, एखादं ठेवू की पाहुण्यांसमोर करायला." मावशी कडाडली, "तुझ्या लग्नात पाहुण्यांसमोर भांडी घासत बसला होतास का?" त्याने मान खाली घातली आणि कामाला लागला. चौदाच्या चौदा झाली. पाच त्यांच्या दवाखान्यांत परत गेली, नऊ ओळीने उभी राहिली. भिंतीवरचे तेलाचे डाग गेले, टेबल धुतलं, धुलाईतून नवी चादर आली. आणि तो बिस्किटांचा डबा, गंजका, पोचे पडलेला, आत सगळी मढी. तो तर दिसताच कामा नये! मावशीने तो धुलाईत नेऊन मळक्या कपड्यांच्या गाठोड्यामागे लपवला.

नवऱ्याने सकाळी बनपावांचा ट्रे पाठवला. सगळं कसं चकाचक.

आणि साहेब विचारतात, वर्कशॉप हवंय कशाला.

परदेशी बाईंनी आजोबांना काहीतरी विचारलं, आजोबांनी खोलीभर नजर फिरवली, ओळीने उभी नऊ मशीन्स पाहिली, रिकामं टेबल पाहिलं, आणि त्यांच्या लगेच लक्षात आलं. कपाळावर हात मारायचे तेवढे राहिले. सरांची तर बोबडीच वळली. "साहेब, तसं नाही, म्हणजे आमच्याकडे तक्ते आहेत," म्हणत ते फायली शोधायला लागले.

"तक्ते मी रोज बघतो हो," साहेब म्हणाले. माणूस वाईट नव्हता, दमलेला होता. "पन्नास संस्था येतात, तक्ते दाखवतात. इथे मला तर दोन माणसं आणि एक स्वच्छ खोली दिसतेय."

वायरमनदादा मावशीच्या कानाशी आला. "मावशी, मी गुपचूप एकाचा फ्यूज काढतो. तुम्ही सगळ्यांसमोर बसवा. टाळ्या पडतील."

आणि खरं सांगायचं तर मावशी क्षणभर हो म्हणणार होती. तिच्या डोळ्यांसमोर तळघर आलं, वाफ आली, लेकीचं दाबलेलं नाक आलं. कोण बघणार होतं? कडेचंच मशीन होतं तो वॉर्मर, वॉर्डातून नुसत्या तपासणीला आलेला. तिची नजर त्याच्या स्टिकरवर गेली. केक विकणारी पोरं.

"चालू मशीन मोडायचं?" ती कुजबुजली. "मुस्काटात देईन."

आणि मग मोठ्याने, "साहेब, दोन मिनिटं बसा. बनपाव खा. मी आले."

ती जी सुटली ती तळघरापर्यंत धावतच. धुलाईतल्या बायकांनी तिला बघितलं मात्र, एकच गिल्ला केला. "अगं बाई, लगेच परत? मदत संपायला अजून महिना आहे की!"

"तुझी जागा रिकामीच ठेवलीय हो!"

"सरका गं, सरका! गाठोडं कुठंय?"

"ते मघाशीच मशीनला लावलं."

मावशी गाठोड्याच्या जागेकडे झेपावली. "आणि मागचा डबा?"

"तो गंजका होय? तो मी स्टुलासारखा घेतलाय," कोपऱ्यातली जाडी बाई म्हणाली. खरंच त्यावर बसून ती चादरींच्या घड्या घालत होती. "मऊ नाही, पण बरा आहे."

मावशीने तिला अक्षरशः उठवलं, डबा पोटाशी धरला आणि वर.

साहेब घड्याळ बघत उठले होते. मावशीने इकडे तिकडे न बघता डबा उघडला आणि त्या पांढऱ्याशुभ्र चादरीवर पालथा केला. खळखळ खळखळ! जळके फ्यूज, करपलेल्या वायरी, धुळीने मढलेल्या जाळ्या, चिरलेली रबरी नळी, वाळक्या मुंग्यांनी भरलेलं एक बटण. आणि प्रत्येकाला पांढरी पट्टी. चादरीवर तेल पसरलं. सरांनी डोळेच मिटले.

"हे काम चालतं साहेब," मावशी म्हणाली. ती अजून धापा टाकत होती. "ह्यातला एकेक भाग मेला म्हणून एकेक मशीन पडून होतं. आता पडून नाही. पाहुणे येणार म्हणून मी हे लपवलं. चूक झाली माझी. देणाऱ्याला मोडकं दाखवू नये असं वाटलं मला."

आजोबा बाईंच्या कानाशी भराभर सांगत होते. बाईंनी पर्स खाली ठेवली आणि एकेक पट्टी हातात घ्यायला लागल्या. साहेब मात्र उभेच. त्यांनी सहज एक काड्यापेटी उचलली, तिलाही पट्टी होती, उघडली, आणि दचकून टाकलीच.

"पाल!"

"हो. मेलेली आहे, घाबरू नका. पट्टी वाचा."

साहेबांनी चष्मा वर केला. पट्टीवर मावशीच्या वळणदार अक्षरात लिहिलं होतं: जिल्हा कचेरी. लशींचा फ्रिज, त्याचा स्टॅबिलायझर. आत पाल चिकटून जळली. रविवारी दुपारी चालू.

"आमच्या कचेरीतला?"

"तुमच्याच."

"पण तो तर... आम्हाला वाटलं लाईट आली म्हणून सुरू झाला."

वायरमनदादाला हसू आवरेना. मावशीने त्याला कोपर मारलं. "रविवार होता साहेब, तुम्ही कुणीच नव्हता. पहारेकऱ्याने फोन केला, फ्रिज गरम होतोय. आम्ही दोघं आमच्या ह्यांच्या बेकरीच्या टेम्पोतून आलो. सगळ्या जिल्ह्याच्या पोरांच्या लशी होत्या त्यात. पहारेकऱ्याला म्हटलं, सांग साहेबांना. तो विसरला असेल."

साहेब खुर्चीत बसले. काड्यापेटी हातातच. त्यांनी पट्टी पुन्हा वाचली. मग विचारलं तेही वेगळ्याच आवाजात, "आणि आता परदेशातून सुटे भाग यायचे बंद होणार. मग?"

हा प्रश्न खरा होता आणि मावशीला तो आवडला. "निम्मे भाग आता बाहेरून लागतच नाहीत. ही जाळी बघा, ही त्यांची, ही आमची. आमची धुलाईतल्या दोन बायका शिवतात, आजोबांनी तपासून घेतलीय. रबराच्या रिंगा गाडीच्या गॅरेजवाल्याकडे मिळतात, माप तेच. काही भाग नाहीच मिळत, ते खोटं सांगणार नाही मी. त्याला खात्यानेच मागवायला लागेल. पण साहेब, मशीन बंद पडलं की माणूस शहरात जातो. आजारी माणूस एक आणि त्याच्याबरोबर सगळं घर जातं. माझी बहीण गेली होती. तिचं शिवणयंत्र, नवऱ्याची नोकरी, सगळं गेलं." तिने चादरीवरून तो वाटाण्याएवढा फ्यूज शोधून काढला, सगळ्यात पहिल्या पट्टीचा. "ह्याच्यापायी."

साहेबांनी तो तिच्या हातातून घेऊन उजेडात धरून पाहिला. परदेशी बाई मात्र मोजत होत्या, बोटांनी एकेक पट्टी बाजूला करत. शेवटी त्यांनी वर पाहिलं आणि आजोबांना आकडा सांगितला.

"दोनशे तेरा," आजोबा म्हणाले. आणि मग साहेबांकडे वळून, एकदम छाती फुगवून, "मी फक्त चाळीस केली. बाकी ती केला."

साहेबांनाही हसू आलं. उठताना त्यांनी काड्यापेटी खिशात घातली.

"साहेब, ती डब्यातली आहे," मावशी म्हणाली.

"परत देतो. बैठकीत दाखवायला नेतोय."

तीन आठवड्यांनी पत्र आलं. वर्कशॉप खात्याने घेतलं, मावशी आणि वायरमनदादा दोघांनाही ठेवून. जाळ्या शिवणाऱ्या दोघींनाही काम सुरू राहणार होतं. सुटे भाग मागवायचं तेवढं "विचाराधीन" होतं, म्हणजे त्यासाठी मावशीला अजून बरेच हेलपाटे घालावे लागणार होते. पत्रासोबत पाकिटात काड्यापेटीही आली. घरी लेकीने पत्र मोठ्याने वाचलं, नवऱ्याने डोळे पुसले आणि भट्टीचा धूर गेला म्हणाला, भट्टी नव्हतीच आसपास. सासू म्हणाली, "म्हणजे पालीमुळे नोकरी लागली म्हणायची." आणि मग दुसऱ्या दिवशी शेजारणीला सांगताना मावशीने स्वतःच्या कानांनी ऐकलं, "आमच्या सुनेच्या हातात जादू आहे हो. मशीनसुद्धा तिचं ऐकतं."

आजोबा निघाले तेव्हा त्यांच्या बॅगेत जागा नव्हती, कारण अर्धी बॅग नवऱ्याने केलेल्या बिस्किटांनी भरली होती. हत्यारांची चामडी पिशवी त्यांनी टेबलावरच ठेवली. मावशीला वाटलं विसरले.

"आजोबा, तुमची हत्यारं."

"माझी नाही. तुझा." मग थोडं थांबून, गुडघा चोळत, "मी म्हातारी झाली. तू ऐक आता."

मावशीला खूप काही बोलायचं होतं. रात्री डोक्यात सगळं जुळवून ठेवलं होतं, आठवी नापास बाईला तुम्ही मशीनसमोर उभं केलंत इथपासून. ते सगळं बाजूलाच राहिलं. तिने नुसता त्यांचा हात आपल्या दोन्ही हातांत धरला, तेल लागलेला हात, तेल लागलेल्या हातांत. मग अ‍ॅप्रनच्या खिशातून एक छोटी कागदी पुडी काढली.

"हे त्या शाळेत द्याल? केकवाल्या पोरांना?"

आजोबांनी पुडी उघडली. आत तो वाटाण्याएवढा फ्यूज होता. जुनी पट्टी तिने डब्यात ठेवली होती आणि फ्यूजला नवी बांधली होती. शाई अजून ताजी होती.

"वाचते," आजोबा म्हणाले, आणि बोट ठेवून, अडखळत, एकेक शब्द लावत वाचलं.

हा जळला होता. तुमचं मशीन चालू आहे. आजपर्यंत एकसष्ट बाळं.